जॉर्ज हॅरिसनचे गहाणखत

लोकप्रिय गवयाला पडद्यावर उभे करावे, त्याच्या तोंडी आठदहा गाणी घालावीत, गाण्यांच्या मधल्या मोकळ्या जागेत जमेल तसे कथानक पसरावे, आणि मग चित्रपटाने तबकड्या खपवाव्यात व तबकड्यांनी चित्रपट, असा एक परस्परोपकारी व्यवहार गेल्या शतकाच्या सहाव्या दशकात अमेरिकेत आणि पाठोपाठ इंग्लंडात चांगलाच रुजला होता. एल्विस प्रेस्लीने या व्यवहारापायी ३१ कथापटांत काम केले, आणि त्यांतील बहुतेकांची नावेही आज त्याच्या भक्तांखेरीज कोणास आठवत नाहीत. लखनौस जन्मलेल्या क्लिफ रिचर्डने १९६३ च्या 'समर हॉलिडे'त लंडनची तांबडी दुमजली बस थेट अथेन्सपर्यंत हाकली आणि इंग्लंडातील चित्रपटगृहे भरून दाखवली. या दाराने चित्रसृष्टीत शिरलेल्या गवयांत अभिनयाची खरीखुरी हौस असणारे पुष्कळ होते. जॉर्ज हॅरिसन त्यांपैकी नव्हता. लिव्हरपूलच्या एका बस-कंडक्टरचा हा धाकटा मुलगा, बीटल्स या चौकडीत वयाने सर्वांत लहान, स्वभावाने अबोल आणि बोललाच तर फटकळ. लोकांनी आपल्याकडे टक लावून पाहावे या कल्पनेचा त्याला जो कंटाळा होता तो त्याने कधी लपवला नाही. तरीही इंग्रजी चित्रपटाच्या इतिहासात त्या पिढीच्या कोणत्याही गवयापेक्षा त्याचेच नाव अधिक खोल उमटले आहे, असे माझे मत आहे. ते उमटले त्याच्या सहीमुळे, आणि तीही एका गहाणखतावरच्या सहीमुळे.

बीटल्सना पडद्यावर आणण्यामागचा मूळ हिशेब कलेचा नव्हताच. युनायटेड आर्टिस्ट्स या अमेरिकन चित्रसंस्थेच्या कारभाऱ्यांच्या ध्यानात असे आले होते की, या चौघांनी ध्वनिमुद्रिकांविषयी जो करारनामा करून दिला होता त्यात चित्रपटातील गाण्यांच्या तबकडीची तरतूद राहून गेली होती. तेव्हा एखादा स्वस्तातला चित्रपट काढावा, तो पडला तरी तबकडी आपल्या हाती राहते आणि तेवढ्यावर खर्च वसूल होतो. म्हणून 'अ हार्ड डेज नाइट' कृष्णधवल झाला, सुमारे दोन लक्ष पौंडांत उरकला, आणि १९६४ च्या मार्च-एप्रिलात चित्रित होऊन ६ जुलैला लंडनमध्ये झळकलाही. हा कंजूषपणा पथ्यावर पडला. निर्माता वॉल्टर शेन्सन याने दिग्दर्शनासाठी रिचर्ड लेस्टरसारखा चपळ माणूस निवडला होता, आणि पटकथा लिहिणाऱ्या अलन ओवेनने या पोरांबरोबर काही दिवस हिंडून एवढे ताडले होते की यांच्याकडून लांबलचक भाषणे म्हणवून घेण्यात अर्थ नाही. त्याने प्रत्येकाच्या वाट्याला चार-सहा शब्दांची तुटक वाक्ये दिली.

त्या चित्रपटात हॅरिसनचा म्हणून जो एक प्रवेश आहे तो बारकाईने पाहण्याजोगा आहे. वाट चुकून तो एका जाहिरातवाल्याच्या कचेरीत शिरतो. तिथला अधिकारी त्याला जाहिरातीसाठी बोलावलेला कोणी होतकरू पोरगा समजतो आणि तरुणांकरिता काढलेले नवे शर्ट त्याच्यापुढे धरून मत विचारतो. मत अर्थात त्याला पढवले जायचे असते. हॅरिसन शर्टांकडे एक नजर टाकतो आणि ते भिकार आहेत असे सांगून मोकळा होतो. मग तरुणांच्या आवडीनिवडी ठरवून देणाऱ्या एका दूरचित्रवाणीवरील तरुणीचे नाव निघते, तेव्हा तो शांतपणे सांगतो की आम्ही मित्र तिचा आवाज बंद करून तिची टिंगल करीत बसतो. संतापलेला अधिकारी त्याला हाकलून देतो. पण दार बंद होताच त्याच्या मनात पाल चुकचुकते, की हा पोरगा म्हणजे येऊ घातलेल्या नव्या रुचीची पहिली चाहूल तर नव्हे? तो घाईघाईने दिनदर्शिका पाहतो, रुचिबदलाला अजून तीन आठवडे अवकाश आहे असे आढळते, आणि त्याचा जीव भांड्यात पडतो. या साऱ्या प्रवेशात हॅरिसन आवाज चढवत नाही, हातवारे करीत नाही, प्रेक्षकांची मर्जी राखण्याचा यत्किंचितही यत्न करीत नाही. स्वतःचा कंटाळाच त्याने तिथे उभा केला आहे, आणि तो पडद्यावर शोभतो.

याच चित्रपटात शाळकरी मुलीची छोटी भूमिका करणारी पॅटी बॉइड पुढे त्याची पत्नी झाली. दुसऱ्या चित्रपटाची देणगी याहून दूरगामी ठरली. १९६५ चा 'हेल्प!' हा रंगीत, खर्चिक आणि, स्पष्टच सांगायचे तर, पोरकट चित्रपट. कालीमातेचे नाव किंचित मोडून बेतलेल्या एका देवीचे भक्त चौघांतल्या रिंगोच्या बोटातील अंगठीसाठी नरबळी द्यायला निघालेले आहेत असे त्याचे कथानक, आणि पूर्वेकडच्या धर्माविषयीची त्यातली समज जत्रेतल्या सोंगाइतकीच. परंतु या टवाळीच्या पोटात दोन गोष्टी घडल्या. बहामा बेटांवर चित्रण चालू असताना स्वामी विष्णुदेवानंद यांनी चौघांना योगासनांवरील आपल्या पुस्तकाची एकेक प्रत दिली. आणि ट्विकनहॅमच्या चित्रशाळेत भारतीय उपाहारगृहाचा देखावा उभारून त्यात भारतीय वादक बसवले होते, त्यांच्यापैकी एकाची सतार फावल्या वेळात हॅरिसनने हातात घेऊन पाहिली. त्याच वर्षी सतार बीटल्सच्या गाण्यात वाजली, १९६६ च्या जूनमध्ये लंडनला रविशंकरांची भेट झाली, आणि सप्टेंबरात त्यांच्याकडे शिकण्यासाठी तो मुंबईस येऊन ताजमहाल हॉटेलात उतरला. चाहत्यांनी हॉटेलला वेढा दिल्यावर गुरुशिष्यांना काश्मीर गाठावे लागले, हे त्या काळच्या मुंबईकरांना आठवत असेल.

मुंबईशी त्याचा खरा चित्रपटीय संबंध आला तो मात्र १९६८ च्या जानेवारीत. जो मॅसो या दिग्दर्शकाने 'वंडरवॉल' नावाचा एक विक्षिप्त चित्रपट केला होता: एक वयस्क शास्त्रज्ञ भिंतीच्या भोकांतून शेजारच्या तरुणीचे रंगीबेरंगी आयुष्य न्याहाळत बसतो, एवढीच त्याची कथा. त्यात संवाद फार थोडे, म्हणून सारी भिस्त संगीतावर, आणि हॅरिसनने काय वाटेल ते करावे अशी मुभा. चित्रपटसंगीताचा त्याला काडीचाही अनुभव नव्हता. हाती थांबघड्याळ घेऊन तो चित्रपट पुनःपुन्हा पाहू लागला, कोणता प्रसंग किती सेकंदांचा याची टिपणे काढू लागला, आणि त्या मापाचे तुकडे रचू लागला. इंग्लंडातील काम आटोपल्यावर तो फोर्टातील फिरोजशहा मेहता रस्त्यावरच्या हिज मास्टर्स व्हॉइसच्या ध्वनिमुद्रणशाळेत आला. दोन मार्गिकांचे ध्वनिमुद्रणयंत्र कलकत्त्याहून आणवावे लागले. भिंतींतून रस्त्यावरची रहदारी आत झिरपत होती, आणि संध्याकाळी साडेपाचला वरच्या कचेऱ्या सुटल्या की जिने उतरणाऱ्या कारकुनांच्या पावलांचा असा काही धडधडाट होई की वादकांना हात आवरून बसावे लागे. संतूरवर शिवकुमार शर्मा, सरोदवर आशीष खाँ, तबल्यावर महापुरुष मिश्र अशी नावे त्या तबकडीच्या श्रेयनामावलीत आहेत, आणि बासरीसमोर एस. आर. केंकरे हे आपल्याकडचे नाव वाचून मराठी वाचकाला बरे वाटल्यावाचून राहत नाही. सेकंदांच्या मापाने राग आखडणे आणि फुलवणे ही कसरत मुंबईच्या चित्रपटसंगीतात रोजचीच होती. ज्या कौशल्याची आपल्याकडे 'सिनेमात वाजवतात' म्हणून थोडी उपेक्षाच होई, ते कौशल्य या परदेशी यजमानाच्या नेमके उपयोगी पडले. राहिलेल्या वेळात त्याच वाद्यमेळाकडून त्याने आणखी एका गाण्याची साथ मुद्रित करून घेतली, आणि बीटल्सच्या नावावर निघालेल्या एका गाण्याचे वाद्यसंगीत अशा रीतीने फोर्टातले आहे. चित्रपट त्या मे महिन्यात कान येथे दाखवला गेला व लौकरच विसरला गेला. तबकडी मात्र बीटल्सच्या स्वतःच्या 'ॲपल' या संस्थेची पहिली दीर्घमुद्रिका म्हणून नोंदली गेली.

बीटल्सवर निघालेल्या 'यलो सबमरीन' या व्यंगपटात चौघांचे बोलण्याचे आवाजही त्यांचे नाहीत. हॅरिसनचा आवाज देणारा गृहस्थ तर सैन्यातून पळालेला निघाला आणि काम अर्धवट टाकून पकडला गेला, तेव्हा उरलेली वाक्ये दुसऱ्याने उरकली. 'लेट इट बी'ची कथा मात्र कडू आहे. १९६९ च्या जानेवारीत ट्विकनहॅमच्या थंडगार चित्रशाळेत, तालमींचे चित्रण म्हणून, चौघांच्या घरातले भांडण कॅमेऱ्यापुढे मांडले गेले. आपण कसे वाजवावे हे पॉल मॅकार्टनी पुनःपुन्हा सांगतो आहे आणि हॅरिसन वरवर अत्यंत नम्र, आतून धुमसत, तुला हवे तसे वाजवीन किंवा वाजवणारही नाही असे त्याला सुचवतो आहे, हा प्रसंग ज्याने पाहिला असेल त्याला या माणसाला कॅमेऱ्याचे वावडे का होते हे निराळे सांगावे लागणार नाही. १० जानेवारीला तो उठून चालता झाला. काही दिवसांनी परतला. या चित्रपटातील गाण्यांसाठी चौघांना ऑस्कर पारितोषिक मिळाले, आणि ते घ्यायला चौघांपैकी कोणीही गेले नाही.

बीटल्स विस्कटल्यावर पडद्याशी त्याचे नाते बदलले. तो दुसऱ्यांच्या चित्रांचा आश्रयदाता होऊ लागला. रविशंकरांवरील 'रागा' हा अनुबोधपट त्याने ॲपलच्या द्वारे प्रदर्शनास आणला. १ ऑगस्ट १९७१ रोजी न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये बांगलादेशच्या निर्वासितांसाठी त्याने ज्या दोन बैठकी घडवल्या त्यांचाही चित्रपट निघाला. रविशंकर, अली अकबर खाँ आणि अल्लारखाँ वाद्ये जुळवीत असताना श्रोते टाळ्यांचा कडकडाट करतात आणि रविशंकर हसून त्यांना सौम्य टोला देतात, तो क्षण भारतीय प्रेक्षकांच्या विशेष जिव्हाळ्याचा आहे. तिकिटांचे सुमारे २ लाख ४३ हजार डॉलर युनिसेफकडे गेले. परंतु तबकडी आणि चित्रपट यांचे उत्पन्न अमेरिकन करखात्याने अनेक वर्षे अडकवून ठेवले, कारण संबंधित धर्मादाय संस्थेचे नाव आगाऊ नोंदवून घेण्याचे कोणास सुचले नव्हते. हेतू निर्मळ, हृदय मोठे आणि दप्तर अपुरे, हे त्याच्या व्यवहाराचे लक्षण इथे पहिल्यांदा ठळक दिसते.

१९७३ साली पीटर सेलर्स या नटाने त्याची गाठ डेनिस ऑब्रायन या अमेरिकन वकिलाशी घालून दिली. हा गृहस्थ पेढीच्या व्यवहारात मुरलेला, आणि हॅरिसनचा सारा जमाखर्च लौकरच त्याच्या हाती गेला. दुसरी गाठ पडली ती माँटी पायथन या विनोदी नटमंडळींशी, विशेषतः एरिक आयडलशी. बीटल्सची चेष्टा करणारा 'द रटल्स' हा दूरचित्रवाणीपट आयडलने १९७८ मध्ये काढला, त्यात हॅरिसन पांढऱ्या केसांचा वार्ताहर होऊन आला आहे. संस्थेत चोऱ्या होतात ही अफवा खरी काय, असे तो दारात उभा राहून त्याच मंडळींतल्या मायकेल पेलिनला विचारतो. पेलिन छातीठोक इन्कार करीत असतो, आणि त्याच्या मागून माणसे एकेक वस्तू उचलून चाललेली असतात. अखेर वार्ताहराच्या हातातला ध्वनिक्षेपकच कोणी पळवून नेतो. ॲपल संस्थेची लूट ज्याने स्वतः सोसली होती, त्यानेच ती थट्टा चेहऱ्यावरची सुरकुतीही न हलवता वठवली.

त्याच वर्षी पायथन मंडळी ट्युनिशियात 'लाइफ ऑफ ब्रायन'चे चित्रण सुरू करण्याच्या तयारीत होती. येशूच्या शेजारच्या गोठ्यात जन्मलेल्या आणि चुकून प्रेषित ठरलेल्या एका बापड्याची ती कथा. पैसा ईएमआयचा, म्हणजे ज्या घराण्याने बीटल्सच्या तबकड्यांवर अगणित द्रव्य मिळवले त्याच घराण्याच्या चित्रपटशाखेचा होता. मंडळी निघायला अवघे काही दिवस उरले असता त्या घराण्याचे प्रमुख बर्नार्ड डेलफाँट यांनी संहिता वाचली, धर्मनिंदेच्या भयाने त्यांची पाचावर धारण बसली, आणि मंजुरी रद्द झाली. आयडलने हॅरिसनकडे शब्द टाकला. लागणारी रक्कम सुमारे चाळीस लक्ष डॉलर. एवढा रोकडा कोणाच्याही तिजोरीत पडून नसतो. तेव्हा ऑब्रायनच्या सल्ल्याने हॅरिसनने लंडनची कचेरीची इमारत आणि हेन्लीचे राहते घर फ्रायर पार्क अशी दोन्ही गहाण टाकली. हे घर म्हणजे एखादी झोपडी नव्हे. फ्रँक क्रिस्प नावाच्या विक्षिप्त धनिक वकिलाने बांधलेला, शेसव्वाशे खोल्यांचा, बागेत मॅटरहॉर्न शिखराची दगडी प्रतिकृती असलेला तो प्रासाद हॅरिसनने १९७० मध्ये घेऊन स्वतःच्या हाताने त्याची बाग पुन्हा उभी केली होती. ते डावाला लावण्याचे कारण त्याने दिले ते एवढेच, की मला हा चित्रपट पाहायचा आहे. इतके महागडे तिकीट आजवर कोणी काढले नसेल, अशी थट्टा पायथन मंडळींत पुढे कायमची रूढ झाली.

आणि हा माणूस नास्तिक नव्हता. वॉटफर्डजवळचा एक वाडा विकत घेऊन त्याने कृष्णभक्तांना मंदिरासाठी देऊन टाकला होता. जपमाळ त्याच्या हाती असे. भाविकाने पाखंडी विनोदाला तारण राहावे यात काहींना विसंगती वाटली. मला ती वाटत नाही: चित्रपटाची थट्टा देवाची नाही, देवाच्या नावाने झुंडी करणाऱ्यांची आहे, आणि झुंडींचा अनुभव हॅरिसनइतका कोणाला असणार? चित्रपटातही तो क्षणभर दिसतो, गर्दीत चेंगरलेला, टेकडी भाड्याने देणारा पापाडोपुलोस म्हणून. त्याचा एकुलता एक शब्दही नंतर पेलिनच्या आवाजात भरला गेला. १९७९ मध्ये चित्रपट झळकला, नॉर्वे व आयर्लंड यांनी त्यावर बंदी घातली, इंग्लंडातील कित्येक नगरपालिकांनी हरकती घेतल्या, आणि या साऱ्या गवगव्याने तो चालला: एकट्या अमेरिकेत सुमारे दोन कोटी डॉलरांचा धंदा झाला. गहाण सुटले.

या एका व्यवहारासाठी काढलेली 'हँडमेड फिल्म्स' ही कंपनी मग टिकली. पुढील दहा वर्षांत इंग्रजी चित्रपटात जे काही तऱ्हेवाईक, हट्टी आणि मोठ्या संस्थांनी नाकारलेले होते, त्याचे ती आश्रयस्थान झाली. 'द लाँग गुड फ्रायडे' दुसऱ्याच संस्थेने तयार करून, आयर्लंडच्या विषयाला व हिंसेला बिचकून, कापून दूरचित्रवाणीवर टाकायचा घाट घातला होता; हँडमेडने तो विकत घेऊन अखंड दाखवला. हॉलिवूडने एकमुखाने नाकारलेला टेरी गिलियमचा 'टाइम बँडिट्स' पन्नास लक्ष डॉलरांत काढला आणि अमेरिकेत त्याने चार कोटींच्या वर मिळवले. 'मोना लिसा'तील भूमिकेसाठी बॉब हॉस्किन्सला १९८६ मध्ये कान येथे पारितोषिक मिळाले. 'विथनेल अँड आय'चे चित्रण सुरू होताच ऑब्रायनला त्यात विनोद दिसेना, आणि त्याने ते बंद पाडण्याची धमकी दिली. हॅरिसनने मात्र, बीटल्सची गाणी चित्रपटांना सहसा मिळत नसताना, आपले एक गाणे त्यात वाजू दिले. निर्माता म्हणून तो चित्रणस्थळी क्वचितच फिरके, दिग्दर्शकांच्या कामात नाक खुपसत नसे. फक्त 'शांघाय सरप्राइज'च्या वेळी मॅडोना आणि शॉन पेन या दांपत्याची भांडणे निस्तरायला त्याला स्वतः हाँगकाँगला धावावे लागले, वार्ताहरांपुढे बसावे लागले, पडद्यावर गावेही लागले, आणि तो चित्रपट सणकून आपटला.

कागदपत्रांकडे मात्र त्याने कधी पाहिलेच नाही. ज्या भिडेने तो दिग्दर्शकाच्या खांद्यावरून डोकावत नसे, त्याच भिडेने तो भागीदार ऑब्रायनच्या खतावणीतही डोकावला नाही. कंपनीच्या कर्जांना आपण दोघे मिळून जामीन आहोत अशी त्याची समजूत होती. पुढे केलेल्या फिर्यादीत त्याने म्हटले की प्रत्यक्षात बँकांच्या दप्तरी जामीनदार एकटा तोच होता, आणि ऑब्रायनने मेहनताना मात्र नियमाने उचलला. नव्वदीच्या आरंभी चित्रनिर्मिती थांबली, १९९४ मध्ये कंपनी पॅरागॉन या कॅनडातील संस्थेला सुमारे ८५ लक्ष डॉलरांना विकली गेली, आणि पुढच्या वर्षी हॅरिसनने अडीच कोटी डॉलरांचा दावा गुदरला. १९९६ मध्ये लॉस एंजेलिसच्या न्यायालयाने त्याला १ कोटी १६ लक्ष डॉलर मंजूर केले. ऑब्रायनने त्यावर दिवाळखोरीचा अर्ज केला. त्या अर्जाला हॅरिसनने हरकत घेतली. २००१ साली, म्हणजे त्याच्या आयुष्याच्या शेवटच्या वर्षी, जबानीसाठी त्याला बोलावणे आले. कर्करोगाने जर्जर झालेला तो हजर राहू शकला नाही, आणि न्यायाधीशाने गैरहजेरीच्या कारणावरून ती हरकत काढून टाकली.